रेल्वेच्या पिक्चरची धून

लग्नाच्या बँडवाल्याला वाजवायचं काम तासाभराचं आणि थांबायचं काम अर्ध्या दिवसाचं. नवरदेव तयार नाही, घोडी आली नाही, मामा रुसलेत, कुणाचा तरी फेटा सापडत नाही. तोवर आम्ही मांडवाबाहेर वाद्यं मांडीवर घेऊन चहाची वाट बघत बसलेले. या बसण्यात किस्से साठत जातात. एकाचा संपला की दुसरा म्हणतो, "हे काहीच नाही, पंढरपूरच्या लग्नात काय झालं माहीत आहे का?" आणि गाडी सुरू!

मी दिवसा यंत्रमागाच्या कारखान्यात हिशेब लिहितो आणि लग्नसराईत नरसय्या मास्तरांच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवतो. रोज डायरी लिहितो म्हणून बँडमध्ये माझं नाव 'मुनशी'. परवा जुन्या डायऱ्यांवरची धूळ झटकली आणि उभ्या उभ्या वाचत राहिलो. आमच्या निम्म्या किस्स्यांत एकच धून वाजते आहे. ती एका युद्धाच्या पिक्चरमधली. पिक्चरचं खरं नाव सोलापुरात कुणी घेत नाही. शेवटी सगळे सैनिक रेल्वेनं घरी जातात, म्हणून आमच्याकडं तो 'रेल्वेचा पिक्चर'.

*

पिक्चर लागला तेव्हा मी बँडमध्ये नवीन होतो. गाणी रेडिओवर लागायची, पण ही धून नुसतीच वाद्यांची, ती कुठल्या कॅसेटवर नव्हती. मास्तर म्हणाले, "थिएटरात जाऊन उचलायची." आमची पद्धत अशी, की एकानं सगळं ऐकायचं नाही. मास्तरांनी ट्रम्पेटचा तुकडा धरायचा, होटगीच्या गोपाळनं बेस धरायचा, बशीरभाईंनी ढोलाचा ठेका आणि मी मधली सुरावट. चौघांनी चार कोपऱ्यांत बसायचं, म्हणजे एकमेकांमुळं चुकायला नको.

बशीरभाईंना ठेका हातानं धरल्याशिवाय लक्षात राहत नाही. ते पुढच्या खुर्चीच्या पाठीवर वाजवायला लागले. पुढचे गृहस्थ बराच वेळ सहन करत होते. शेवटी वळून म्हणाले, "भाऊ, ढोल वाजवायचा तर वाजवा, पण खुर्ची संपली की पुढं माझं डोकं लागतंय!"

रोज तेच चौघं, रोज शेवटची वीस मिनिटं. डोअरकीपर वैतागला. "तुम्ही पिक्चर बघायला येता का शिकवणीला?"

शेवटचा सीन असा. दोन जिवलग मित्र. लढाई संपलेली. एक जखमी होऊन स्ट्रेचरवर. लांबून धून ऐकू येते, तसा तो कोपरावर उठून बसतो, हसतो. धून चढत जाते, चढत जाते, पडदा जरासा थरथरतो, आणि एकदम ठेक्यात मार्च सुरू! समोर रेल्वे, खिडक्याखिडक्यांतून हात हलतायत. टाळ्या, शिट्ट्या, समाप्त.

"बगितलं का?" गोपाळ बाहेर आल्यावर म्हणायचा. "इंजिनापासून चौथ्या डब्यात, कडंच्या खिडकीत त्याचाच हात हाय. पट्टी बांदल्याली हाय की!" गोपाळ स्वतः रेल्वेत कामाला. डब्यांच्या बाबतीत त्याच्याशी कोण वाद घालणार?

मास्तरांचा जीव मात्र त्या चढ्या सुरांवरून एकदम खाली येण्यावर बसला. "काय डोकं आहे रे या माणसाचं! जिना चढवतो, चढवतो, आणि गच्चीवरून थेट अंगणात उडी." तेव्हापासून त्या जागेचं नाव 'उडी'.

*

ही उडी सोलापुरात भलतीच गाजली. वरातीत नाचणारे त्या जागेवर सगळे एकदम उडी मारायचे. पहिल्याच सीझनमध्ये पद्धत पडून गेली.

पंचाईत झाली ती घोडीची. लग्नाच्या घोड्या वर्षभर आमच्याच पुढं-मागं चालणार. एका पांढऱ्या घोडीला धून पाठ झाली. एकदा एका जाडजूड नवरदेवाला घेऊन ती छान चालली होती. मास्तर चढत गेले, सुरावर सूर, सुरावर सूर, आणि उडी! माणसांबरोबर घोडीनंही मारली. नवरदेव बाशिंगासकट बशीरभाईंच्या ढोलावर.

ढोल फुटला नाही. नवरदेव उठला, कपडे झटकले आणि म्हणाला, "ठेका चुकला नाही ना?"

त्यानंतर घोडीवाला दर लग्नाआधी मास्तरांकडं यायचा. "मास्तर, उडीच्या आधी मला नुसता हात करा. मी लगाम धरतो."

*

मग नकला सुरू झाल्या. आजकाल ज्याला कव्हर म्हणतात ते. विणकरांच्या गल्लीतल्या बँजो पार्टीनं ती धून उचलली. लेझीमवाल्यांनी उचलली. एका शाळेत कवायतीला लावली. पुढं कॅसिओ आला, मग डीजे आला. एका रिक्षावाल्यानं तर रिव्हर्सच्या हॉर्नला ती बसवून घेतली होती. रिक्षा मागं यायला लागली की पोरं रस्त्यातच उड्या मारायची!

बँजो पार्टीवर मास्तर खवळले. आम्हा तिघांना घेऊन त्यांच्या तालमीच्या जागी गेले. "ही धून आमची आहे."

बँजोवाला निवांत तारा लावत होता. "तुमची कशी मास्तर? पिक्चर तुमच्या सासऱ्यांनी काढला होता का?"

मास्तर वळले. जाताना दारात थांबले, त्यांची तालीम पूर्ण ऐकली आणि उडीला मान डोलावली. बाहेर आल्यावर म्हणाले, "चोर आहे, पण उडी बरोबर मारतो."

मास्तरांची अपेक्षा तेवढीच होती. वाजवा कुठल्याही वाद्यावर, पण उडी आम्ही बसवली तशी पाहिजे. आणि खरं सांगायचं तर आमचं पोटही त्या धूनवर होतं. डीजे स्वस्त आणि दणदणीत झाल्यावर बाकीचे बँड एकेक करून बंद पडले. आम्ही टिकलो, कारण जुनी माणसं म्हणायची, "डीजे लावा हो, पण मांडवात शिरताना नरसय्या मास्तरांची उडी पाहिजे."

*

मास्तरांना मुलीनं मोबाइल घेऊन दिला आणि रिंगटोन अर्थातच ती. तिनं स्वतः कॅसिओवर वाजवून भरलेली. मास्तरांना फोन बंद कसा करायचा ते मात्र कुणी शिकवलं नव्हतं.

एका ओळखीच्या घरी गृहस्थ वारले होते. आम्ही भेटायला गेलो. सगळे खाली मान घालून बसलेले, आणि मास्तरांच्या खिशात धून सुरू! मास्तर बटणं दाबतायत, धून चढतेय. बघतो तर भिंतीला टेकून बसलेल्या चार म्हाताऱ्यांचे पाय सतरंजीवर ठेका धरतायत. उडीला तर एकाचा गुडघा उचललाच गेला.

मास्तर मेल्याहून मेल्यासारखे झाले. तेवढ्यात आतून त्या गृहस्थांच्या पत्नी दारात आल्या. "वाजू द्या मास्तर. आमच्या लग्नात तुम्हीच वाजवली होती. मागच्या आठवड्यातसुद्धा हे ती गुणगुणत होते."

*

आता तो पुण्याचा किस्सा. म्हणजे लग्न सोलापुरातच, पण नवरदेव पुण्याचा. त्याच्या काकांना जुन्या सिनेमांचा नाद. वरात निघाली, मास्तरांनी धून धरली आणि हे काका हात वर करून बँडच्या पुढं उभे. चेहरा पांढरा पडलेला.

"थांबा, थांबा! कुणी सांगितलं हे वाजवायला? शुभकार्यात?"

"का? काय झालं?" मास्तरांनी विचारलं.

"अहो, तो मित्र मरतो तेव्हाचं म्युझिक आहे हे!"

गोपाळ हसायलाच लागला. "कोन मरतंय? त्यो रेल्वेत बसून घरला गेला की!"

"अहो, तो स्ट्रेचरवरच मरतो."

बशीरभाईंनी ढोल खाली ठेवला. "क्या बोलते साब? हमे इत्ती बार देखे, एक बार बी नै मरा!"

काकांनी मोबाइल काढला. पिक्चर नेटवर आहे म्हणाले. आम्ही चौघं त्या एवढ्याशा पडद्यावर वाकलो. स्ट्रेचर, धून, तो कोपरावर उठतो, हसतो. धून चढते. इथं आमची उडी यायला हवी, तर धून अजून वर चढली. त्याची मान कलली. मित्रानं स्वतःची टोपी काढून त्याच्या छातीवर ठेवली. धून तिथं वरच रेंगाळली, मग सावकाश पायरी पायरीनं खाली उतरली, आणि मग कुठं मार्च. रेल्वे. हात.

काकांनी मोबाइल खिशात टाकला. मग गोपाळ म्हणाला, "मग चौथ्या डब्यातला त्यो हात कुनाचा?"

मास्तर एवढंच म्हणाले, "वर अजून जागा होती रे तिथं."

काकांनी दुसरं काहीतरी वाजवायला सांगितलं. आम्ही वाजवलं. काय ते डायरीत लिहिलेलं नाही.

*

ते थिएटर आता मंगल कार्यालय झालंय. आम्ही तिथं कितीदा वाजवलंय! त्याचे जुने ऑपरेटर मागच्याच गल्लीत राहतात. मास्तर आम्हाला घेऊन त्यांच्याकडं गेले.

ऑपरेटर झोपाळ्यावर बसून शेंगा सोलत होते. सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "पहिल्याच दिवशी पहिल्या खेळाला फिल्म अडकली आणि तेवढा तुकडा जळाला. जळका भाग कापला, पुढचं मागच्याला चिकटवलं. मिनिटभराचं काम. पब्लिक शिट्ट्या मारत होतं, विचार करायला वेळ होता का?"

"मग दुसरी प्रिंट का नाही मागवली?" मी विचारलं.

"मागवणार होतो. पण संध्याकाळच्या खेळाला बायका हसत बाहेर पडल्या. दुसऱ्या दिवशी शेजारणींना घेऊन आल्या. मॅनेजर म्हणाला, राहू दे आहे तसं." त्यांनी सालं झटकली. "दुसऱ्या गावांत हा पिक्चर आठवड्यात उतरला. आपल्याकडं किती चालला! डायरेक्टरला जमलं नाही ते मी कात्रीनं केलं!"

गोपाळ आणि बशीरभाई हसून हसून लोळले. मास्तर हसले नाहीत.

*

मास्तरांनी ती धून बंद केली. "लोकांच्या लेकरांच्या लग्नात मी मरणाची धून वाजवली," म्हणायचे. मी म्हटलं, "मास्तर, आपल्याला कुठं माहीत होतं?" तर म्हणाले, "त्यांना तरी कुठं माहीत होतं?"

मग नवीनच सुरू झालं. आम्ही ज्यांच्या वरातीत वाजवलं होतं ते कुणी रस्त्यात भेटले, की मास्तर थांबवून विचारायचे, "बरं चाललंय ना तुमचं? दोघंही बरे ना?" एकदा मंडईत एक जोडपं भाजीच्या पिशवीवरून कचाकचा भांडताना दिसलं. आमच्याच वरातीतलं. मास्तरांचा चेहरा उतरला. जवळ जाऊन म्हणाले, "ताई, माझी चूक झाली."

बाई चमकल्या. सगळं ऐकल्यावर म्हणाल्या, "अय्या मास्तर! आमची भांडणं तर साखरपुड्यापासूनची आहेत. तुमची धून बिचारी नंतर आली!"

तेवढ्यानं मास्तरांचं समाधान होणार नव्हतं. वाजवायची तर पुरी आणि खरी वाजवायची, असं त्यांनी ठरवलं. महिनाभर मोबाइल कानाला लावून तो जळका तुकडा बसवला. वर चढायचं, तिथं थांबायचं, सावकाश उतरायचं. या वयात तेवढ्या वर दम पुरवणं सोपं नाही, पण त्यांनी पुरवला. मला विचाराल तर त्यांच्या आयुष्यातलं ते सगळ्यात सुरेख वाजवणं होतं.

एका लग्नात ती खरी धून पहिल्यांदा वाजवली. धून चढली, सवयीप्रमाणं अख्ख्या वरातीनं उडी मारली, आणि ट्रम्पेट वरच! उडी मारलेली माणसं खाली आली, आता काय करायचं कुणाला कळेना. पुढचे थांबले, मागचे त्यांच्यावर आदळले, दिव्याची झुंबरं डोक्यावर घेतलेल्या बायका कशाबशा सावरल्या.

मुलीचे वडील आले, मास्तरांच्या खांद्यावर मायेनं हात ठेवला. "मास्तर, वय झालं आता. धून विसरायला लागलात."

त्यानंतर मास्तरांनी खरी धूनही वाजवली नाही आणि आमचीही नाही. लोक उडी मागायचे, मास्तर मान हलवायचे. लोकही मग डीजेवर भागवायला लागले. सीझनची कामं निम्म्यावर आली. पुढच्या वर्षी बँड ठेवायचा का नाही, हेही बोलणं निघालं. बशीरभाई एकदा मास्तरांच्या तोंडावर म्हणाले, "मास्टर, डीजे आया तो बी नै मरे हम. उस एक पिक्चर में मर गए!"

*

हे लग्न सांगोल्याकडचं. मेंढरंवाल्यांची वस्ती, दोन-चार डाळिंबाच्या बागा, रस्ता एकच. वरात निघाली आणि समोरून पाण्याचा टँकर आला. टँकरला वाट द्यायला वरात बाजूला उभी राहिली. तेवढ्यात वराकडचे एक उंच, मिशीवाले गृहस्थ मास्तरांजवळ आले. फौजेतले रिटायर्ड हवालदार. सगळं कार्य तेच बघत होते. नवरदेवाचे वडील आणि ते याच वस्तीवरचे, एकाच दिवशी भरती झालेले. वडील लढाईवरून परत आले नव्हते. नवरदेव तेव्हा पाळण्यात होता.

"मास्तर, ती रेल्वेच्या पिक्चरची वाजवा."

"ती मी वाजवत नाही हवालदार."

"का बरं? आमी त्यासाठीच एवढ्या लांबनं तुमाला बोलावलंय."

"ती शुभ नाही. त्यात तो…" मास्तर अडखळले. "त्यात तो मित्र मरतो."

"मला म्हाईत हाय," हवालदार म्हणाले. "मी आमच्या युनिटात पुरा बगितलाय पिक्चर. तवा याचा बाप माझ्या शेजारीच बसल्याला."

मास्तरांनी ट्रम्पेट काखेत धरलं.

"पन तुमच्या सोलापुरात त्यो मरत न्हाय म्हनं."

"नाही," मास्तर म्हणाले. "सोलापुरात नाही मरत."

"मग सोलापूरचीच वाजवा की."

टँकर पुढं निघून गेला. मास्तरांनी आमच्याकडं बघितलं. बशीरभाईंनी काही न विचारता ढोलाचा पट्टा गळ्यात अडकवला. मास्तरांनी ट्रम्पेट ओठाला लावलं.

किती महिन्यांनी वाजवत होतो! धून चढली, चढली, आणि उडी! वरात उडाली. मेंढरांच्या वाड्यापुढची कुत्री भुंकत सुटली. हवालदार मात्र उडले नाहीत. हात शरीराला चिकटवून, ताठ, बँडच्या पुढं सरळ चालत राहिले. धून संपली तसे वळले. "पुन्यांदा."

पुन्हा वाजवली. "पुन्यांदा." असं करत मांडवाच्या दारात आलो. नवरदेवाची आई पुढं आली नव्हती. चुलाणापाशी, बाजूला उभी होती. हवालदार तिथूनच तिच्याकडं बघत उभे राहिले. आम्ही वाजवत होतो.

आतून गुरुजी धावत आले. "हवालदार, आता पुरे! मुहूर्त टळतोय!"

हवालदारांनी मान वळवली नाही. "वैनी, काय करायचं?"

तिनं पदर सारखा केला आणि चार पावलं पुढं आली.

"अजून येक डाव वाजवा म्हनावं की."